शर्मिष्ठेतला पेशंट

"श्वास आत घ्या. धरून ठेवा. हलू नका." एवढं बोलण्याचा मला पगार मिळतो, असं आमच्या घरचे म्हणायचे. मंचरला एका डॉक्टरांचा छोटा दवाखाना होता, तिथं मी एक्स-रे टेक्निशियन होतो. मूळचा आळ्याचा. घरची शेती थोरल्या भावांनी सांभाळली आणि माझा शेतात काडीचा उपयोग नाही हे वेळेत ओळखून मला पुण्याला कोर्स करायला धाडलं. निर्णय बरोबरच होता. मला उन्हात उभं राहायला आवडायचं नाही, आणि माझी अर्धी नोकरी डार्करूमच्या अंधारात होती.

आमच्याकडं एक्स-रेला कुणी एक्स-रे म्हणत नाही, फोटो म्हणतात. बैलगाडा शर्यतीच्या घाटात चाकाखाली सापडलेले, हायवेवर मोटारसायकलवरून उडालेले, भीमाशंकरच्या बाजूला हिरड्याच्या झाडावरून पडलेले, सगळे "फोटो काढायचाय" म्हणत यायचे. काही जण तर केस विंचरून यायचे. मशीनपुढं उभं केलं की माणूस नेमका नको तेव्हा श्वास सोडतो. मग फिल्म वाया गेली म्हणून डॉक्टर माझ्यावर चिडायचे आणि मी पेशंटवर. तिरसट म्हणून माझी सगळीकडं ओळख होती आणि ती मी नीट जपली होती.

डार्करूममध्ये गेलो की मात्र माझा पारा उतरायचा. लाल दिव्याखाली फिल्म डेव्हलपरमध्ये बुडवली की आधी काहीच नसतं. मग कडेनं काळं चढत जातं आणि आतून एकेक बरगडी वर येते. वर्षानुवर्षं बघूनही मला त्याचं नवल वाटायचं थांबलं नाही. बाहेर बाकावर खोकत बसलेल्या माणसाच्या आतलं, त्यानं स्वतः कधी न बघितलेलं, मला त्याच्या आधी दिसत असायचं. हे मी कुणाला बोललो नाही. तिरसट माणसाला असलं बोलणं शोभत नाही.

दोन हजार सालाच्या आसपास पेपरच्या पुरवणीत एक चित्र आलं. खाली लिहिलं होतं की अमेरिकेनं अवकाशात एक नवी दुर्बीण सोडली आहे, ती क्ष-किरण टिपते, आणि हा तिनं घेतलेला एका फुटलेल्या ताऱ्याच्या अवशेषांचा फोटो आहे. तारा शर्मिष्ठा नावाच्या तारकासमूहातला. चित्र गोल होतं, कडा फाटलेल्या, आतून धुरासारखे पांढरे पुंजके, आणि मधोमध एक बारीकसा ठिपका. चहा गार होईपर्यंत मी ते बघत राहिलो. क्ष-किरण म्हणजे माझाच धंदा की. माझ्या धंद्यातलं कुणीतरी तिकडं वर बसून ताऱ्यांचे फोटो काढतंय, हे मला कुणी सांगितलंच नव्हतं.

पण त्या फोटोत मला दोन चुका दिसल्या. आमच्या फिल्मवर पांढरं म्हणजे हाड, म्हणजे किरण अडवणारी वस्तू. एका बाजूला किरणं सोडणारी ट्यूब, दुसऱ्या बाजूला फिल्म आणि मधे पेशंट, असा आमचा सगळा कारभार. आता दुर्बिणीत फिल्म असेल, पेशंट तारा आहे, हेही मान्य. मग ताऱ्याच्या पलीकडं ट्यूब धरून कोण उभं होतं? दुसरी चूक म्हणजे तो ठिपका. असा ठिपका माझ्या फिल्मवर आला असता तर डॉक्टरांनी मला फैलावर घेतलं असतं, कारण फिल्म ठेवायच्या कॅसेटमध्ये धूळ गेली की असाच खोटा डाग उमटतो. एवढी महागाची दुर्बीण वर सोडली आणि कॅसेट पुसायला माणूस ठेवला नाही, असं मी कंपाउंडरला ऐकवलंसुद्धा. त्यानं मान हलवली आणि चहाचा कप उचलून नेला.

या दोन शंका घेऊन मी बरेच दिवस काढले. मंचरलाच कॉलेज होतं. तिथं पदार्थविज्ञान शिकवणाऱ्या एक मॅडम एकदा स्कूटरवरून घसरल्या आणि मनगट धरून आमच्याकडं आल्या. मी त्यांचा हात कॅसेटवर ठेवला आणि संधी साधून विचारून टाकलं, की ताऱ्याच्या मागं ट्यूब कुणाची होती?

मॅडम दुखणं विसरून हसल्या. चेष्टेचं हसू नव्हतं ते, त्यांना प्रश्न आवडला होता. "ट्यूब नाहीच आहे," त्या म्हणाल्या. "तुमचा पेशंटच ट्यूब आहे."

मग त्यांनी सांगितलं. तारा फुटला तेव्हा त्याच्या अंगातलं सगळं बाहेर फेकलं गेलं, आणि ते इतकं तापलेलं आहे, कोटीकोटी अंशांवर, की ते स्वतःच क्ष-किरण सोडतंय. फुटल्याचा उजेड पृथ्वीवर पोचला त्याला तीनशेहून जास्त वर्षं झाली, तरी अजून निवलेलं नाही.

"म्हणजे मेल्यावरही किरण सोडतोय?" मी विचारलं.

"मेल्यावरच. जिवंतपणी एवढे सोडत नव्हता."

"आणि मधली धूळ?"

"ती धूळ नाही हो. तोच तर तारा आहे, म्हणजे जे उरलं ते. आळेफाट्यापासून नारायणगावापर्यंत जेवढी रुंदी भरेल, तेवढाच असेल. पण आख्ख्या सूर्यात मावणार नाही इतका माल त्यात दाबून भरलाय."

आळेफाटा ते नारायणगाव हा रस्ता मी एसटीतून झोपा काढत किती वेळा केला होता. "हलू नका," मी म्हणालो, आणि बटण दाबलं.

त्यांचं मनगट मोडलेलं नव्हतं, मुरगळलं होतं. जाता जाता मी आणखी एक विचारून घेतलं, की ही दुर्बीण वरच का पाठवायची, इथंच डोंगरावर का नाही ठेवायची? त्यांनी खुंटीवरच्या शिशाच्या एप्रनकडं बोट दाखवलं. किरणं अंगावर येऊ नयेत म्हणून आम्ही तो घालतो. "आपली हवा म्हणजे तसलाच एप्रन आहे," त्या म्हणाल्या. "ताऱ्यांचे क्ष-किरण खाली पोचतच नाहीत. बघायचं तर एप्रनच्या बाहेर जायला लागतं."

त्या गेल्यावर मी दवाखान्याच्या पायरीवर येऊन वर बघितलं. नेहमीचं मंचरचं आभाळ, धुळकट निळं. त्याच्या पलीकडं सगळं पेटलेलं होतं आणि आम्ही खाली भाज्या निवडत, भांडत, एसटीची वाट बघत बसलो होतो. तारा फुटलेला दिसायला हवा होता तेव्हा शिवनेरीवर पहारे होते, कुकडीकाठी माणसं शेती करत होती, पण कुणी मान वर करून बघितलं असेल तर त्याची आठवण आपल्यापर्यंत आली नाही. आणि तो उजेड तिथून निघाला त्याच्याही अकरा हजार वर्षं आधी, तेव्हा तर या डोंगरात कुणी नाचणी पेरत नव्हतं. मला थोडी भीती वाटली, आणि आनंद झाला. दोन्ही एकदम होऊ शकतं हे मला माहीत नव्हतं.

मॅडमनी त्या चित्राचा इंटरनेटवरचा पत्ता लिहून दिला होता. मंचरच्या झेरॉक्सवाल्यानं कॉलेजच्या पोरांसाठी पारदर्शक प्लास्टिकच्या शीट ठेवल्या होत्या, त्यांच्यावरच मी ते चित्र मोठं छापून घेतलं. काळ्यावर पांढरं, हुबेहूब आमच्या फिल्मसारखं. फिल्म बघायला भिंतीवर आमची उजेडाची पेटी असायची, दुधी काच आणि मागं ट्यूबलाइट. तिच्या एका कोपऱ्यात मी तारा लावून दिला. डॉक्टर आले, त्यांनी चष्मा सारखा केला आणि विचारलं, "ही कुणाची छाती रे?"

"एका ताऱ्याची, साहेब."

डॉक्टरांनी नीट निरखून बघितलं. "लक्षणं काही बरी नाहीत," ते गंभीरपणे म्हणाले.

"मेलाय तो कधीच," मी म्हणालो. "फुटलंय सगळं, अजून पसरतच चाललंय. मधे तेवढा ठिपका उरलाय."

डॉक्टर हसत आत गेले. समोरच्या बाकावर त्या वेळी तळेघरच्या पुढच्या एका वाडीतली बाई आणि तिचा नवरा बसले होते. ते हसले नव्हते. हे मला फार उशिरा कळलं.

त्या बाईचा फोटो मी तासाभरापूर्वीच काढला होता, आणि त्यावरून आमची चांगली वाजली होती. पस्तिशीतली असेल. भाताची कापणी झाल्यापासून खोकत होती, संध्याकाळचा ताप, वजन उतरलेलं. छातीचा फोटो काढायचा म्हणजे गळ्यात काही ठेवायचं नसतं. मी म्हणालो, मंगळसूत्र काढा.

"ते न्हाई निघायचं, भाऊ."

"अहो, फोटोत येतं ते."

"येऊ द्या की. माझंच हाय."

असल्या बायका रोज यायच्या आणि मी रोज हरायचो. शेवटी तिनं मंगळसूत्र उचलून खांद्यावरून मागं टाकलं. मागं टाकून काय होणार, किरणांना पुढचं काय नि मागचं काय. फिल्म धुतली तर गळ्याच्या उजव्या हाडाच्या वर दोन वाट्या स्पष्ट, आणि त्यांच्याशेजारी एक सेफ्टी पिन, कारण आमच्या बायकांच्या मंगळसूत्रात अडीअडचणीला एक पिन अडकवलेली असतेच. माझ्या हातची इतकी वाईट फिल्म बऱ्याच दिवसांत निघाली नव्हती. मी परत काढतो म्हणालो, पण डॉक्टर म्हणाले की डाग वरच्या भागात स्वच्छ दिसतोय, उगाच पुन्हा किरणं नकोत. ताऱ्यावर हसून आत गेल्यावर त्यांनी दोघांना बोलावलं, फिल्म घटकाभर उजेडासमोर धरली आणि सांगितलं, "टीबी आहे. घाबरू नका. गोळ्या न चुकता घेतल्या तर पूर्ण बरं होतं." गोळ्या सरकारी होत्या, फुकट, आणि त्यांच्याच भागात मिळायच्या. दोघं मान हलवून गेले.

शिमग्याच्या सुमाराला तिचा नवरा एकटाच आला. डॉक्टरांकडं गेलाच नाही, माझ्या दाराशी येऊन उभा राहिला. मग दबक्या आवाजात म्हणाला, "भाऊ, तुमी तरी खरं सांगा. किती दिवस हायेत तिचं?"

मला काही कळेना. गोळ्या चालू आहेत ना, मी विचारलं.

"गोळ्या कशापायी घ्यायच्या आता? सोडल्या तिनं. पोरीला मावशीकडं धाडली. लुगडी वाटून टाकली. नुसती पडून हाय." त्यानं पेटीच्या कोपऱ्यातल्या ताऱ्याकडं बोट केलं. "त्यो फोटो आमी त्याच दिशी बघितला व्हता. तुमी सायबास्नी बोललात तेबी ऐकलं. फुटलंय, पसरत चाललंय."

मी त्याला सांगितलं की तो तुझ्या बायकोचा फोटो नाही, तो ताऱ्याचा आहे, आभाळातल्या ताऱ्याचा. हे वाक्य मी बोललो आणि मलाच ऐकायला विचित्र वाटलं. आभाळातल्या ताऱ्याचा छातीसारखा फोटो मंचरच्या दवाखान्यात कशाला असेल? त्यानं माझ्याकडं दयेनं बघितलं. डॉक्टरनं दाखवलेला तो बारका डाग समजूत काढण्यापुरता होता, हे त्यांनी घरी जातानाच ठरवून टाकलं होतं. आमच्याकडं मोठा आजार निघाला की पेशंटला कुणी खरं सांगत नाही, सगळे मिळून लपवतात. त्यानंही त्याच्या आईच्या वेळी लपवलं होतं. आता बाकीचे आपल्यापासून लपवताहेत, असं वाटणं साहजिकच होतं.

मी डॉक्टरांना सगळं सांगितलं. त्यांचा चेहरा उतरला. टीबीच्या गोळ्या अर्ध्यावर सोडल्या तर आजार पुन्हा उठतो, आणि मग त्याच गोळ्यांना जुमानत नाही. बाई बरी होणारी होती आणि एका ताऱ्यापायी मरायला निघाली होती. "मी सांगून पटायचं नाही," डॉक्टर म्हणाले. "मी तर खोटं बोलणारा ठरलोय. तूच जा. तुझा तारा, तूच निस्तर."

दुसऱ्या दिवशी सकाळी तिची फिल्म आणि ताऱ्याची शीट एका पाकिटात घालून मी तिच्या नवऱ्याबरोबर भीमाशंकरच्या एसटीत बसलो. घोडेगाव गेलं, डिंभ्याचं पाणी दिसायला लागलं, चढ सुरू झाला. नवरा खिडकीबाहेर बघत होता. तळेघरला उतरून पुढं पायी निघालो. भातखाचरं मोकळी पडली होती, ऊन चढलेलं. मला ऊन आवडत नाही हे मी वाटेत एकदाही बोललो नाही. तिला काय सांगायचं याची मनातल्या मनात तयारी करत होतो आणि प्रत्येक वेळी पहिल्याच वाक्याला अडत होतो.

ती ओटीवर वाकळ टाकून पडली होती. मला बघून उठून बसली, पदर सारखा केला. गालाची हाडं वर आलेली. "या पावणं," ती म्हणाली. "खरं सांगाया आलात न्हवं?"

मी आधी ताऱ्याची शीट काढली. ती बघून तिनं नजर फिरवली. मग मी तिची फिल्म काढली आणि दारातून येणाऱ्या उजेडासमोर दोन्ही शेजारी शेजारी धरली. बरगड्या दाखवल्या, काळीज दाखवलं, वरचा डाग दाखवला. फिल्मवर आम्ही शिशाचं एक अक्षर ठेवतो, उजवी बाजू कळावी म्हणून, ते दाखवलं. ताऱ्याला कुठली उजवी आणि कुठली डावी, असंही म्हणालो. ती ऐकून घेत होती. ऐकून घेणं आणि पटणं यात किती अंतर असतं ते मी तिच्या तोंडावर बघत होतो. "सायबबी ह्योच दावत व्हते," ती म्हणाली. "दुसऱ्या कुनाचा बारका फोटो दाखवायचा आन् धीर द्यायचा. मला कळत न्हाई व्हय?"

हात अवघडला म्हणून मी फिल्म थोडी खाली घेतली, आणि ऊन नेमकं फिल्मच्या वरच्या भागावर आलं. ती एकदम पुढं झाली.

"ह्ये काय हाय?"

उजव्या हाडाच्या वर दोन वाट्या, आणि शेजारी सेफ्टी पिन. पिनेचं तोंड वाकडं झालेलं होतं, नीट न मिटणारं. तिचा हात आपोआप गळ्याकडं गेला. मंगळसूत्र पुढं ओढून तिनं पिन बोटात धरली. तिचंही तोंड तसंच वाकडं होतं. ती एकदा हातातल्या पिनेकडं बघायची, एकदा फिल्मकडं.

"ही पिन माझी हाय," ती हळू आवाजात म्हणाली.

"तुमचीच."

"तवा तुमी भांडला व्हता माझ्यासंगं. काढा म्हून."

"भांडलो होतो."

मग ती रडली. नवरा उठून परसात गेला आणि उगाच बादलीचा आवाज करत राहिला. मीही फिल्म पाकिटात घालायला नको तितका वेळ लावला. ज्या फिल्मची मला महिनाभर लाज वाटत होती, ती मी आता चोळामोळा होऊ नये म्हणून दोन पुठ्ठ्यांत ठेवत होतो. तिनं फडताळातल्या गोळ्या मागवल्या आणि माझ्यासमोर पाण्याबरोबर घेतल्या.

चहा झाला तेव्हा तिनं शीटकडं बोट केलं. "मग ह्यो कोन?"

मी तिला अंगणात नेलं. मॅडमनी सांगितलं होतं की या दिवसांत शर्मिष्ठा दिवसाच वर असते. ऊन डोक्यावर होतं. मी उत्तरेला, डोंगराच्या वरच्या आभाळात, अंदाजानं हात केला. तिथं कुठंतरी आहे म्हणालो, पण रात्रीसुद्धा नुसत्या डोळ्यांना दिसत नाही. माणसानं एक मशीन पार वर, चंद्राच्या वाटेवर बरंच लांब पाठवलंय, ते तिथून त्याचा फोटो काढतं. तारा मेलाय, पण त्याच्या अंगातला विस्तव अजून विझलेला नाही.

कपाळावर हात धरून ती त्या रिकाम्या निळ्या जागेकडं बघत राहिली. मीही बघितलं. भर उन्हात, कुणालाही न दिसणारं ते केवढं मोठं काहीतरी आमच्या डोंगरावर उभं होतं, आणि आम्ही दोघं त्याच्याकडं बघत होतो. अंगावर काटा आला. दवाखान्यातल्या पेटीवर त्याला बघताना असं कधी झालं नव्हतं.

"मेलेल्याचा फोटो कशापायी काढत्यात?" तिनं विचारलं.

"आत काय चाललंय ते बघायला."

"श्वास धरायला लावलं का त्याला?"

मी हसलो. त्याचा फोटो आपल्यासारखा क्षणात निघत नाही, तासन्‌तास लागतात, असं सांगितलं. तिला ते फार पटलं. "लई मोठा हाय न्हवं," ती म्हणाली, आणि आत जाऊन पडण्याऐवजी चुलीपुढं बसली.

त्यानंतर गोळ्या चुकल्या नाहीत. बंद पडल्या होत्या म्हणून डॉक्टरांनी तिला पहिल्यापासून सुरू करायला लावलं आणि मुदत वाढली. ती पुरी करून ती आली तेव्हा दिवाळी होऊन गेली होती. अंगानं भरली होती, बरोबर नवरा आणि मावशीकडून परत आलेली मुलगी. शेवटचा फोटो काढायचा होता. मी सवयीनं म्हणालो, मंगळसूत्र काढा.

"राहू द्या, भाऊ," ती म्हणाली. "न्हाईतर परत कुनाचा फोटो कुनाला लागंल."

मी ते मागंही टाकायला सांगितलं नाही. "श्वास आत घ्या. धरून ठेवा." तिनं असा धरला की माझ्या उभ्या नोकरीत तसा कुणी धरला नसेल.

डार्करूममध्ये फिल्म वर आली. बरगड्या, काळीज, वाट्या, पिन. वरचा डाग आवळून बारीक झाला होता, जुन्या जखमेचा राहतो तेवढाच. आम्ही नेहमी करतो तसं मी तिची जुनी आणि नवी फिल्म पेटीवर शेजारी लावली. डॉक्टरांनी बघितलं, तिच्याकडं वळून नुसती मान हलवली, आणि तिला ती मान कळली.

निघायच्या आधी ती पेटीसमोर थांबली. "आन् त्याचं काय?" तिनं विचारलं. "त्याचा नवा न्हाई काढला का?"

काढला होता. त्याच वर्षी त्या दुर्बिणीनं शर्मिष्ठेतल्या पेशंटचा पुन्हा फोटो घेतला होता, सगळा वेळ मिळून आठवड्याहून जास्त त्याच्याकडं बघत राहून. मॅडमनी जुनं आणि नवं चित्र एकाच मापात करून दिलं होतं आणि मी दोन्ही शीट छापून ठेवल्या होत्या. कुणाला दाखवायला ठेवल्या होत्या ते मला तेव्हा कळलं. मी त्या एकावर एक ठेवल्या आणि मधला ठिपका बरोबर ठिपक्यावर आणला. मध्यभागी सगळं जुळलं, पण कडेला जुळेना. नव्याची कड जुन्याच्या बाहेर गेली होती, जेमतेम नखाच्या जाडीएवढी. त्या नखाएवढ्या जागेत किती कोटी कोस बसतात हे मॅडमनी सांगितलं होतं, आणि मला ते धरून ठेवता आलं नव्हतं. चारेक वर्षांत तो तेवढा पसरला होता. कधीचा फुटलेला, आणि अजून थांबला नव्हता.

तिनं नाक काचेला लागेल इतक्या जवळून बघितलं. मुलीला उचलून दाखवलं. "माझं बसलं," ती मुलीला म्हणाली, "त्याचं वाढतंच हाय बघ." तिच्या आवाजात त्याच्याविषयी काळजी होती, घरच्या माणसाची वाटावी तशी.

मग तिनं बोट पुढं केलं आणि काचेवर, सगळ्या फाटलेल्या पांढऱ्याच्या मधोमध, त्या ठिपक्यावर ठेवलं. पहिल्या दिवशी मी ज्याला धूळ म्हणालो होतो त्याच्यावर.

"ही त्याची पिन," ती म्हणाली.

मी हो म्हणालो.